जिवंत सापाचे मोल

दिवेलागणीनंतर सापाचे नाव घेऊ नये, असा संकेत महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. अंगणात साप निघालाच, तर वडीलधारी माणसे 'जनावर निघाले' किंवा 'लांबडे दिसले' एवढेच म्हणतात. नाव घेतले की तो येतो, अशी त्यामागील समजूत. श्रावणात नागपंचमीस याच जनावराची पूजा होते. त्या दिवशी जमीन नांगरीत नाहीत, घरात भाजी चिरीत नाहीत. आणि दुसऱ्याच दिवशी ते गोठ्यात दिसले, तर सारी आळी काठ्या घेऊन धावते. भक्ती आणि भीती या दोन्ही भावना आपल्या ठिकाणी खऱ्या आहेत. परंतु या जनावराची नीट ओळख करून घ्यावी, अशी निकड दोघींपैकी एकीलाही कधी वाटली नाही. गोठ्यात निघालेली ती निरुपद्रवी धामण होती की जिवावर उठणारी घोणस होती, याचा विचार बहुधा काठीचे काम संपल्यावरच होत आला.

भारतात ही ओळख करून देण्यासाठी ज्यांनी आयुष्य वेचले, त्यांत रॉम्युलस व्हिटेकर यांचे नाव आवर्जून घ्यावे लागते. अमेरिकेत जन्मलेले आणि पुढे भारताचे नागरिक झालेले हे सर्पतज्ज्ञ मद्रासच्या परिसरात पन्नासहून अधिक वर्षे काम करीत आले आहेत. नागाची फणा हाताळणारा धाडसी गोरा माणूस म्हणून त्यांची कीर्ती सर्वत्र झाली आणि ती अनाठायी नाही. तथापि त्यांच्या कार्याचे खरे महत्त्व कळण्यासाठी थोडे मागे जाऊन एक साधा प्रश्न विचारला पाहिजे : आपल्या देशात सापाची किंमत कोणी, केव्हा आणि कशासाठी दिली?

याचे पहिले उत्तर आपल्याच कोकणात सापडते. रत्नागिरी जिल्ह्यात फुरशांचा सुळसुळाट फार. १८६२ साली तेथील इंग्रज अधिकाऱ्यांनी मारलेल्या फुरशामागे रोख बक्षीस लावले, तेव्हा अवघ्या आठ दिवसांत एक लाखाहून अधिक फुरशी मारून आणण्यात आली. सरकारी कागदावर हा मोठाच पराक्रम ठरला. पण फुरसे हा आकाराने लहान, दगडाखाली राहणारा आणि पिलांना थेट जन्म देणारा साप. त्याचा असा निःपात होणे शक्य नव्हते, आणि तो झालाही नाही. कोकणातील शेतकऱ्याच्या अनवाणी पायाला फुरशाचा धोका आजही आहे. पुढे हिंदुस्थानात इतरत्रही साप मारण्याबद्दल बक्षिसे दिली गेली. राज्यकर्त्यांच्या लेखी सापाला मोल होते; मात्र तो मेलेला असला पाहिजे, एवढीच अट होती.

सापांविषयीच्या शास्त्रीय ज्ञानाचा उगमही याच काळाच्या आसपास शोधावा लागतो. पॅट्रिक रसेल नावाचे स्कॉटिश वैद्य १७८५ साली मद्रास इलाख्यात ईस्ट इंडिया कंपनीचे निसर्गशास्त्रज्ञ म्हणून नेमले गेले. सर्पदंशाने माणसे मरतात, पण कोणता साप विषारी व कोणता बिनविषारी हे सामान्य माणसास ओळखता येत नाही, ही गोष्ट त्यांच्या ध्यानी आली. कोरोमंडल किनाऱ्यावरील सापांचे नमुने जमवून त्यांनी १७९६ साली आपला सचित्र ग्रंथ प्रसिद्ध केला. घोणस या सापाच्या इंग्रजी नावात रसेल हे नाव आहे, ते याच वैद्याचे. पुढे जोसेफ फेअरर या शल्यवैद्याने १८७२ साली भारतातील विषारी सापांवर एक भव्य ग्रंथ प्रकाशित केला. त्यातील चित्रे कलकत्त्याच्या कलाशाळेतील विद्यार्थ्यांनी काढली होती. १८६९ या एका वर्षात देशाच्या सुमारे निम्म्या भागातून सर्पदंशाच्या ११,४१६ मृत्यूंची नोंद फेअरर यांनी मिळविली, तेव्हा या प्रश्नाचे प्रचंड स्वरूप प्रथमच आकड्यांतून दिसले. हे सारे ग्रंथ मोलाचे. परंतु ते मोठ्या आकाराचे, महाग आणि इंग्रजीत. ज्याच्या पायाला साप चावतो, त्याच्या हाती ते पडण्याचा संभव नव्हता.

आणखी एक ज्ञान मात्र ग्रंथांच्या बाहेर, त्याच कोरोमंडल किनाऱ्यावर नांदत होते. मद्रासच्या भोवतालच्या चेंगलपट्टू, कांचीपुरम, तिरुवल्लूर या भागांत इरुळा नावाची आदिवासी जमात राहते. झुडपांच्या रानात आणि भाताच्या बांधांवर हिंडून कंद, मध, उंदीर आणि साप मिळविणे हा तिचा परंपरागत व्यवसाय. बिळाच्या तोंडाची घडण, धुळीवरचा पुसट माग, काट्यात अडकलेली कात किंवा वाळलेली विष्ठा एवढ्या खुणांवरून आत कोणता साप आहे, तो केव्हा गेला असावा, याचा अंदाज इरुळा माणूस करतो. हातात एक लहानशी पहार घेऊन तो बीळ उकरतो आणि नाग असो की मण्यार, त्यास अलगद बाहेर काढतो. हे ज्ञान पुस्तकात नव्हते आणि त्याला बाजारात एकच गिऱ्हाईक होते, ते म्हणजे कातड्याचा व्यापारी. विसाव्या शतकाच्या मध्यास परदेशांत सापाच्या कातड्याच्या पिशव्या, पट्टे आणि पादत्राणे यांस मोठी मागणी होती. भारतातून लक्षावधी कातडी दरसाल बाहेर जात. इरुळा साप पकडीत, मारीत आणि कातडी कमावणाऱ्यास अल्प मोबदल्यात देत. नफा व्यापाऱ्याकडे राही. दारिद्र्य आणि दंशाचा धोका इरुळांकडे.

या ठिकाणी व्हिटेकर यांचा प्रवेश होतो. त्यांचा जन्म १९४३ साली न्यूयॉर्क येथे झाला. पोरवयातच त्यांनी साप पकडून घरी आणण्यास सुरुवात केली, आणि विशेष हे की आईने त्यांस धाक न घालता सापांवरचे पुस्तक आणून दिले. डोरिस नॉर्डन हे या मातेचे नाव. तिने पुढे रामा चट्टोपाध्याय यांच्याशी विवाह केला. रामा हे कमलादेवी आणि हरींद्रनाथ चट्टोपाध्याय यांचे चिरंजीव. या नात्यामुळे १९५१ साली आठ वर्षांचा रॉम्युलस मुंबईस आला. रंगीत चित्रपटांवर प्रक्रिया करणारी रामनॉर्ड प्रयोगशाळा या दांपत्याने मुंबईत उभारली. त्या नावात रामा आणि नॉर्डन ही दोन्ही नावे एकत्र आली आहेत. मुलाचे शालेय शिक्षण कोडाईकनालच्या निवासी शाळेत झाले. तेथील डोंगर आणि जंगल हीच त्याची खरी पाठशाळा. आपल्या खोलीत खाटेखाली त्याने अजगर पाळला होता, हा किस्सा प्रसिद्धच आहे.

उच्च शिक्षणासाठी ते अमेरिकेस गेले. परंतु विद्यापीठात मन रमले नाही आणि तो अभ्यास त्यांनी अर्धवट सोडला. मग त्यांनी ज्या ठिकाणी उमेदवारी केली, ते ठिकाण त्यांच्या पुढील आयुष्याचा पाया ठरले. फ्लोरिडा राज्यातील मायामी येथे बिल हास्ट नावाचे विलक्षण गृहस्थ सर्पालय चालवीत. प्रेक्षकांच्या समोर विषारी सापांचे विष काढणे आणि ते औषधनिर्मितीसाठी व संशोधनासाठी पुरविणे हा त्यांचा व्यवसाय होता. या सर्पालयात तरुण व्हिटेकर दोन गोष्टी शिकले. एक, सापाचे विष हीही मौल्यवान वस्तू आहे आणि ती मिळविण्यासाठी साप जिवंत असावा लागतो. दुसरी, साप पाहण्यास लोक पैसे देऊन येतात, आणि अशा आलेल्या माणसास काहीतरी शिकवूनच परत पाठविता येते. व्हिएतनाम युद्धाच्या काळात त्यांना सक्तीने अमेरिकी सैन्यात जावे लागले; तेथे त्यांनी वैद्यकीय प्रयोगशाळेत काम केले. रॅटल स्नेक या अमेरिकन विषारी सापाच्या दंशाने त्यांचे एक बोट कायमचे अधू झाले, तेही अमेरिकेतच. सर्पविष म्हणजे काय, हे त्यांनी असे अंगावर सोसून जाणले. १९६७ साली ते भारतात परतले आणि १९७५ साली त्यांनी भारताचे नागरिकत्व स्वीकारले.

परतल्यानंतर ते मद्रासकडे वळले, याचे मुख्य कारण इरुळा. बिळाच्या तोंडाशी बसून साप ओळखणारी ही माणसे पाहिल्यावर, ज्या विषयाचे आपण तज्ज्ञ होऊ इच्छितो, त्याचे मुरलेले जाणकार येथे आधीच आहेत, हे त्यांच्या लक्षात आले. त्यांनी तमिळ आत्मसात केली, इरुळांबरोबर रानोमाळ पायपीट केली आणि त्यांचे शिष्यत्व पत्करले. वन्य प्राण्यांविषयी आस्था बाळगणारे पुष्कळ असतात. परंतु त्या प्राण्यांच्या आधाराने जगणाऱ्या दरिद्री माणसांविषयी तेवढीच आस्था बाळगणारे विरळा. व्हिटेकर यांच्या पुढील सर्व कार्याची दिशा या आस्थेने ठरविली.

१९६९ साली त्यांनी मद्रासजवळ सेलैयूर येथे सर्पोद्यान सुरू केले. भारतातील अशा प्रकारचा हा पहिलाच प्रयत्न होता. १९७२ साली ते शहरातील गिंडी उद्यानात हलविण्यात आले, आणि तेथे प्रेक्षकांची रीघ लागली. या उद्यानाची मांडणी साधी होती. खोलगट, वरून उघड्या हौदांत साप मोकळे सोडलेले. कठड्यावरून माणसे वाकून पाहत आणि उद्यानातील जाणकार सेवक साप हातात घेऊन त्याची माहिती सांगे. गारुड्याच्या खेळापेक्षा हा प्रकार मुळातच निराळा होता. गारुडी विषदंत काढलेला नाग पुंगीवर डोलवून भीतीतून पैसा मिळवितो. म्हणून भीती टिकविण्यातच त्याचा लाभ. सर्पोद्यानातील सेवकाचा लाभ भीती ओसरण्यात होता. सापाला बाहेरचे कान नसतात, तो पुंगीच्या सुरावर न डोलता तिच्या हालचालीवर लक्ष ठेवतो. साप दूध पिणारा प्राणी नव्हे. तो डूख धरून बारा वर्षांनी सूड घेण्यास येत नाही. देशातील तीनशेहून अधिक जातींपैकी बहुसंख्य साप माणसास निरुपद्रवी आहेत. आणि उंदरांचा फडशा पाडणारी धामण ही शेतकऱ्याची न बोलावता आलेली राखणदार आहे, अशा गोष्टी जिवंत पुराव्यासह सांगितल्या जात. व्याख्यानाने जे साधत नाही, ते एखादे पोर घाबरत घाबरत सापाच्या कोरड्या, थंड अंगावरून बोट फिरवते तेव्हा साधते. साप बुळबुळीत नसतो, हे त्याला मग कोणी वेगळे सांगावे लागत नाही.

इकडे दिल्लीत आणखी एक मोठी घटना घडली. १९७२ साली वन्य जीव संरक्षण कायदा संमत झाला आणि पुढे १९७६ साली सापांच्या कातड्यांच्या निर्यातीवर बंदी आली. हा कायदा आवश्यक होता, याविषयी दुमत नसावे. कातड्यांच्या व्यापाराने सापांचा संहार चालविला होता आणि स्वतः व्हिटेकर हेही त्या व्यापाराच्या विरोधात होते. परंतु कायद्याचा एक परिणाम असा की, काल जो इरुळा आपला पिढीजात धंदा करीत होता, तो आज रानातून साप घेऊन निघाल्यास गुन्हेगार ठरू लागला. निर्यातदाराने दुसरा व्यापार पाहिला असेल. इरुळांपाशी दुसरे काहीच नव्हते. जमीन नाही, अक्षरओळख नाही, भांडवल नाही. शासनव्यवहाराशी ज्याचा नित्य संबंध येतो, त्यास हा प्रकार अनोळखी नाही. एखादी गोष्ट निषिद्ध करणारे कलम लिहिण्यास एक दिवस पुरतो. त्या निषेधाने ज्यांची चूल विझते त्यांची सोय लावणारे कलम मात्र पुष्कळदा लिहिलेच जात नाही. मग कायदा चोरून मोडला जातो, आणि ज्याच्या रक्षणासाठी तो केला, त्याचेही रक्षण होत नाही.

या राहिलेल्या कलमाची जागा व्हिटेकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७८ साली भरून काढली. त्या वर्षी इरुळा सर्प पकडणाऱ्यांची औद्योगिक सहकारी संस्था स्थापन झाली. कल्पना अशी : सर्पदंशावर जे एकमेव खात्रीचे औषध आहे, ते प्रतिविष. फ्रेंच वैज्ञानिक आल्बेर काल्मेत यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्याची पद्धत सिद्ध केली. घोड्याला सापाचे विष अत्यल्प मात्रेत टोचून ती मात्रा हळूहळू वाढवीत नेतात. घोड्याच्या रक्तात विषाला निष्प्रभ करणारी द्रव्ये तयार होतात आणि त्या रक्तापासून औषध काढतात. म्हणजे औषधासाठी विष हवे, विषासाठी साप हवा, आणि साप पकडण्यात इरुळांची बरोबरी करील असा माणूस देशात नाही. मग त्यांनी साप मारण्यासाठी न पकडता विषासाठी का पकडू नयेत?

परवानग्या मिळविण्यात काही वर्षे गेली आणि १९८०च्या दशकाच्या आरंभी विष काढण्याचे काम प्रत्यक्ष सुरू झाले. त्याची रीत अशी आहे. कोणत्या जातीचे किती साप पकडावयाचे, याची मर्यादा वनखाते ठरवून देते. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चार जातींचे साप सभासद पकडून आणतात. प्रत्येक सापाची नोंद होते आणि सभासदास ठरलेला मोबदला मिळतो. साप मातीच्या मडक्यात ठेवतात आणि मडक्याचे तोंड कापडाने बांधतात. सुमारे तीन-चार आठवड्यांच्या मुक्कामात आठवड्यातून एकदा, पातळ पडदा ताणून बसविलेल्या काचेच्या भांड्याला सापाचे दात लावून त्याचे विष घेतले जाते. मग पोटाकडील एका खवल्यास खूण करून साप पुन्हा रानात सोडतात. खूण अशासाठी की, तोच साप लवकरच पुन्हा हाती लागला तर तो ओळखता यावा. थेंबाथेंबाने जमलेले हे विष गोठवून, वाळवून त्याची भुकटी करतात, आणि मुंबईच्या हाफकिनसह देशातील प्रतिविष करणाऱ्या संस्थांकडे ती जाते. भारतातील प्रतिविषासाठी लागणाऱ्या विषाचा मोठा भाग अनेक वर्षे या एका लहानशा संस्थेने पुरविला आहे. बिहारातील एखाद्या शेतमजुराचा किंवा विदर्भातील एखाद्या शाळकरी मुलाचा जीव रुग्णालयात वाचतो, तेव्हा त्यामागे समुद्रकाठच्या एका मडक्यातील सापाचा आणि त्याला पकडणाऱ्या इरुळा माणसाचा वाटा असण्याचा संभव पुष्कळच असतो. दोघांपैकी कोणाचेही नाव औषधाच्या कुपीवर नसते.

सहकार हा शब्द महाराष्ट्रात नवा नाही. साखर आणि दूध यांच्या संस्थांनी आपल्या ग्रामीण जीवनाचा चेहरा बदलला. परंतु तेथे सभासदाजवळ निदान एक तुकडा जमीन किंवा एक जनावर असते. इरुळांच्या संस्थेत सभासदाचे भांडवल म्हणजे त्याच्या डोळ्यांतील आणि बोटांतील ज्ञान. या ज्ञानाला व्यापारी कमी लेखत होता आणि कायद्याने ते नकळत गुन्हा ठरविले होते. संस्थेने त्यास प्रतिष्ठित व्यवसायाचे रूप दिले. रत्नागिरीच्या बक्षिसाने मेलेल्या फुरशाची किंमत दिली, कातडीवाल्याने मेलेल्या नागाची किंमत दिली. येथे प्रथमच जिवंत सापाची किंमत ठरली, आणि किंमत वसूल झाल्यावर तो साप आपल्या वाटेने निघून गेला. एवढा हिशेब ज्यांना जुळविता आला, त्यांना वन्य जीवांचे शिक्षक म्हणावे, तसे प्रशासनाचेही शिक्षक म्हणावयास हरकत नाही. मात्र असा हिशेब दरवर्षी नव्याने जुळवावा लागतो. परवान्याचा कागद एखाद्या टेबलावर लांबला, तर सापाचा हंगाम त्याच्यासाठी थांबत नाही. मग सभासदाची मजुरी बुडते आणि औषधाचा पुरवठा आटतो. फाइल आणि फणा यांचा संबंध इतका जवळचा आहे.

व्हिटेकर यांचे दुसरे मोठे कार्य मगरींविषयी. १९७०च्या दशकाच्या आरंभी भारतातील मगर, खाऱ्या पाण्यातील मगर आणि लांब, निमुळत्या तोंडाचा घडियाल या तिन्ही जाती संकटात होत्या. घडियाल तर दोनशेदेखील उरले नसावेत, असा त्या वेळचा अंदाज होता. नद्यांच्या काठाने हिंडून व्हिटेकर यांनी पाहणी केली. १९७६ साली मद्रासपासून सुमारे ४० किलोमीटरवर, महाबलिपुरमच्या वाटेवर समुद्रकाठी मद्रास मगर पेढी स्थापन झाली. या उद्योगात त्यांच्या तेव्हाच्या पत्नी झाई यांचा मोठा वाटा होता. झाई या मुंबईचे सुप्रसिद्ध निसर्गप्रेमी झाफर फतेहअल्ली यांच्या कन्या. त्यांनी व्हिटेकर यांच्या जीवनावर पुस्तकही लिहिले. 'पेढी' हे नाव अन्वर्थक आहे. तेथे मगरींची ठेव ठेवावयाची, तिची वाढ करावयाची आणि निसर्गात जेथे तूट पडली असेल तेथे ती परत करावयाची, असा मूळचा हेतू. मगरींनी तर ठेवीदारासही मागे टाकले. त्यांची वीण इतकी झाली की पुढे पुढे अंड्यांची संख्या आवरण्याची वेळ आली. तथापि पिले वाढविणे सोपे आणि त्यांच्यासाठी वाहती, निर्मळ नदी राखणे अवघड, हा धडा घडियालांनी शिकविला. २००७-०८च्या हिवाळ्यात चंबळेत शंभराहून अधिक घडियाल मरून पडले, तेव्हा तो फार कटुपणे पुन्हा गिरवावा लागला. इरुळांच्या सहकारी संस्थेचे विष काढण्याचे केंद्रही याच पेढीच्या आवारात आहे, आणि तेथे येणारा प्रेक्षक ते काम डोळ्यांनी पाहू शकतो.

कर्नाटकातील आगुंबे या अतिवृष्टीच्या घाटमाथ्यावर व्हिटेकर १९७१ साली नागराजाच्या शोधात प्रथम गेले होते. इतर सापांवर उपजीविका करणारा आणि पाने गोळा करून अंड्यांसाठी घरटे बांधणारा हा साप त्यांच्या विशेष आवडीचा. २००५ साली त्यांनी तेथे वर्षावन संशोधन केंद्र उभारले. नागराजाच्या शरीरात लहानसे प्रक्षेपक यंत्र बसवून त्याचा माग काढण्याचे काम तेथे झाले. तेथील शेतकरी घरात शिरलेला नागराज न मारता त्याच्या सुटकेसाठी निरोप धाडतात, ही त्या प्रदेशाच्या श्रद्धेची आणि या शिक्षणाची जोड कमाई म्हटली पाहिजे. नागराजावरील त्यांच्या चित्रपटास १९९८ साली एमी पारितोषिक मिळाले.

भारतातील सापांच्या ओळखीचे कार्य एकट्या व्हिटेकर यांचे नव्हे, हेही नमूद केले पाहिजे. मुंबईच्या हाफकिन संस्थेतील डॉ. देवरस यांचे भारतीय सापांवरील पुस्तक नॅशनल बुक ट्रस्टने १९६५ साली प्रसिद्ध केले. पुण्याच्या कात्रज येथील सर्पोद्यान नीलिमकुमार खैरे यांच्या परिश्रमातून उभे राहिले. पुण्याचेच अशोक कॅप्टन यांच्या सहकार्याने व्हिटेकर यांनी २००४ साली भारतीय सापांची सचित्र मार्गदर्शिका सिद्ध केली. रसेल यांचा ग्रंथ टेबलावर पसरून पाहावा लागे. ही मार्गदर्शिका पिशवीतून रानात नेता येते. दोन शतकांत या ज्ञानाने केवढा प्रवास केला, ते एवढ्यावरून ध्यानी यावे.

आणि तरीही हिशेबाची दुसरी बाजू लपवून चालणार नाही. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली, म्हणजे वर्षाकाठी सरासरी ५८,००० मृत्यू झाले, असा अंदाज दिला आहे. या अभ्यासाच्या लेखकांत व्हिटेकरही आहेत. यांतील बहुतेक मृत्यू खेड्यांत आणि निम्मे जून ते सप्टेंबर या पावसाळी महिन्यांत होतात. मृतांपैकी चतुर्थांशाहून अधिक पंधरा वर्षांखालील मुले आहेत. औषध अस्तित्वात आहे. पण मांत्रिकाच्या ओट्यावर तासन्‌तास जातात आणि रुग्णालयात पोहोचावे तर औषध किंवा डॉक्टर, दोहोंपैकी एक नसतो. शिवाय औषधातही उणीव आढळली आहे. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील संशोधकांनी २०१९ साली दाखवून दिले की, नेहमीच्या चार जातींपलीकडील काही सापांच्या विषावर बाजारातील प्रतिविष अपुरे पडते. एकाच जातीच्या सापाचे विषही प्रदेशपरत्वे बदलते. तेव्हा तमिळनाडूच्या एका कोपऱ्यातील विषावर साऱ्या देशाने विसंबून राहणे पुरेसे नाही. या संशोधनातही व्हिटेकर यांचा सहभाग होता. ज्या व्यवस्थेच्या उभारणीत आपले आयुष्य गेले, तिच्या मर्यादा मोजण्याच्या कामी स्वतःच पुढे होणे, हे खऱ्या अभ्यासकाचे लक्षण होय. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ साली सर्पदंशाचा समावेश उपेक्षित उष्णकटिबंधीय रोगांत केला, आणि २०३० सालापर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याची राष्ट्रीय योजना भारत सरकारने २०२४ साली जाहीर केली. तिच्या यशासाठी ठिकठिकाणच्या सापांचे विष लागेल, आणि त्यासाठी ठिकठिकाणचे जाणकार हात लागतील.

असे हात कोणाचे असतात, याचे एक उदाहरण सांगून हे भाषण पुरे करतो. फ्लोरिडाच्या दलदलीत पाळीव म्हणून आणलेले आणि मग मोकाट सुटलेले ब्रह्मी अजगर बेसुमार वाढले. तेथील मूळचे प्राणी त्यांनी गिळून टाकले आणि आधुनिक साधने असूनही ते शोधकांच्या हाती लागेनात. तेव्हा २०१७ साली व्हिटेकर यांच्या मध्यस्थीने मासी सडैयन आणि वडिवेल गोपाल या दोन इरुळा पुरुषांस तेथे पाचारण करण्यात आले. शाळेत न गेलेल्या या दोघांनी, कधी न पाहिलेल्या त्या मुलुखात, गवतावरील आणि मातीवरील खुणा वाचीत दोन आठवड्यांच्या आत तेरा अजगर पकडले. ज्या राज्यात तरुण व्हिटेकर सापांची विद्या शिकण्यास उमेदवार म्हणून राहिले होते, त्याच राज्याला ती विद्या शिकविण्यासाठी त्यांनी आपले गुरू नेले. भारत सरकारने २०१८ साली व्हिटेकर यांस पद्मश्रीने गौरविले. २०२३ साली तोच सन्मान मासी सडैयन आणि वडिवेल गोपाल यांस मिळाला. त्यांच्याच जमातीला एके काळी सापाबद्दल मिळे ते कातड्याचे चार पैसे, आणि कायदा झाल्यावर मिळाली ती शिक्षेची धास्ती. त्या जमातीच्या दोन सभासदांची नावे राष्ट्रपतिभवनात पुकारली गेली, ही या कथेतील सर्वांत समाधानाची नोंद आहे.